मेण लावलेलं बटण

स्टॅनीचा गेम पडायला लागला तो नोव्हेंबरात, आणि भुईगावात नोव्हेंबर म्हणजे मेलेल्यांचा महिना. घराघरातल्या गेलेल्या माणसांच्या नावाने चर्चमध्ये प्रार्थनेच्या मिस्सा होतात, कबरींवरचं गवत उपटून झेंडूची फुलं ठेवतात, आणि एरवी ज्यांचं नावही निघत नाही अशा आज्या-पणज्यांच्या गोष्टी जेवताना सुरू होतात. नेमक्या अशा महिन्यात कॉम्प्युटरनेही असले चाळे सुरू करावेत, याला आता काय म्हणायचं!

पडायचा म्हणजे असं. स्क्रीनभर लढाई चाललेली, नेम बरोबर धरलेला, कानांवर हेडफोन गच्च, आणि अचानक सगळा गेम गुंडाळून खालच्या पट्टीत जाऊन बसायचा. समोर उरायचा एक फोटो. स्टॅनीने कधीतरी गच्चीवरून काढलेला: मागची केळीची बाग आणि बागेत पाठमोरे उभे असलेले पप्पा. पप्पांना जाऊन दीड महिना झाला होता. गेम पडला की तीच पाठ. स्टॅनी घाईघाईने गेम पुन्हा वर काढायचा, पण तोवर तिकडे त्याचा सैनिक मरून पडलेला असायचा.

"स्टॅन्या, झोपलास काय भावा?" हेडफोनमधून सिद्धेश ओरडायचा. सिद्धेश विरारचा. दोघांची ओळख ऑफिसातली, पण मैत्री जमली ती या खेळात. शनिवार-रविवारी दोघं एका टीममधून खेळायचे, आणि टीम स्टॅनीच्या नेमावर उभी होती. तो नेमच आता भरवशाचा राहिला नव्हता.

तसा स्टॅनी या कामात कच्चा नाही. बत्तीस वर्षांचा गडी, घरून नोकरी करतो, गावात कुणाचा कॉम्प्युटर अडला की पहिला फोन याला. त्याने सगळं करून पाहिलं. मध्येच टपकणारे निरोप बंद केले, अपडेट थांबवले, व्हायरस शोधून झाला, गेम काढून पुन्हा टाकून झाला. दोन दिवस बरे जायचे आणि तिसऱ्या दिवशी पुन्हा ती पाठ. शेवटी त्याने हात टेकले. आयने एकदा विचारलं, "वर काय एवढी खटपट चाललीय?" तेव्हा तो एवढंच म्हणाला, "कॉम्प्युटर बिघडलाय."

"सगळंच बिघडतं रे," आय म्हणाली आणि चुलीकडे वळली.

तिला खरं कारण सांगायची त्याची हिंमत नव्हती. कारण त्याला स्वतःला जे वाटत होतं ते दिवसाढवळ्या तोंडातून काढण्यासारखं नव्हतं.

त्याचं असं झालं होतं. पप्पा, म्हणजे व्हॅलेरियन, चर्चच्या कॉयरमध्ये गायचे तेव्हा आवाज शेवटच्या बाकापर्यंत पोचायचा, आणि त्यांनी बागेतून हाक मारली की रस्त्यावरची माणसं वळून बघायची. घशाच्या ऑपरेशनने तो आवाज समूळ नेला. पुढे ते अंथरुणालाच खिळले. त्यांचा पलंग खालच्या खोलीत आणि स्टॅनीची खोली बरोबर त्याच्यावर, लाकडी माळ्यावर. आयच्या, म्हणजे रेजिनाच्या, गुडघ्यांना जिना चढवत नव्हता. पितळेची घंटा आणून झाली, पण हेडफोन घातलेल्या माणसाला देवळाची घंटा ऐकू येत नाही, तिथे ही काय ऐकू येणार!

तेव्हा स्टॅनीनेच युक्ती काढली. घरात एक बिनवायरचा कीबोर्ड पडून होता, छोटासा. त्याचा नखाएवढा रिसीव्हर त्याने आपल्या कॉम्प्युटरच्या पाठीमागे खोचला आणि कीबोर्ड पप्पांच्या उशाशी ठेवला. त्यातलं खिडकीचं चिन्ह असलेलं एक बटण दाबलं की वर चाललेला गेम खाली पडायचा. गेम पडला की पप्पा बोलावताहेत, असा ठराव. अंधारातही बोटाला बटण सापडावं म्हणून आयने घरातल्या आल्तारीवरची मेणबत्ती तिरकी करून त्यावर मेणाचा एक थेंब पाडला.

पप्पांना जणू खेळणंच मिळालं. पाणी हवं म्हणून दाबायचे, कूस बदलायची म्हणून दाबायचे, आणि काहीच नको असलं तरी दाबायचे. स्टॅनी धडधडत खाली यावा तर पप्पा नुसतं खिडकीकडे बोट करायचे. केळफुलावर इवलासा पक्षी बसलेला असायचा. "एवढ्यासाठी?" स्टॅनी वैतागायचा. पप्पा बिनआवाजाचं हसायचे. खरं सांगायचं तर त्या हसण्यासाठी दहा गेम पडले तरी चालले असते, पण हे माणसाला नंतर कळतं.

मग सप्टेंबरातला तो शेवटचा रविवार आला. पुढच्या फेरीत जायची मॅच होती. स्टॅनीने इंटरनेटवरून एक छोटा प्रोग्रॅम उतरवला. खेळताना गेम अचानक पडू नये म्हणून ते खिडकीचं बटण मेलं करून ठेवायचं, एवढंच त्याचं काम. फक्त ही एक मॅच, तो स्वतःशी म्हणाला.

मॅच जिंकली. आरडाओरडा करत तो जिना उतरला, तेव्हा आय पप्पांच्या बोटांत जपमाळ गुंडाळत होती.

"शांत गेले," आय येईल त्याला सांगत होती. स्टॅनीने काही विचारलं नाही. त्याच दिवशी वर जाऊन त्याने तो प्रोग्रॅम पुसून टाकला, चोराने पाऊलखुणा पुसाव्यात तसा. पण पप्पांनी दाबलं होतं का, हा प्रश्न काही पुसला जाईना. तो जेवणात यायचा, प्रार्थनेत यायचा. आयला विचारावं तर ती उलट विचारेल, तू का आला नाहीस?

आणि दफनाच्या दिवशी त्याने आणखी एक गोष्ट पाहिली होती. शवपेटी बंद करायच्या आधी आयने पांढऱ्या कापडात गुंडाळलेलं काहीतरी लांबट, चपटं पप्पांच्या हाताशी सरकवलं. त्यानंतर कीबोर्ड घरात दिसला नाही. स्टॅनी काय समजायचं ते समजला.

आता नोव्हेंबरात गेम पडत होता.

त्या शनिवारी दिवेलागणीला सिद्धेशने विरारहून बसल्या जागी स्टॅनीच्या कॉम्प्युटरचा ताबा घेतला. गेम सुरू ठेवून मागे काय चाललंय ते तो तपासत होता. बराच वेळ नुसते माउसचे क्लिक ऐकू येत होते.

"स्टॅन्या, तुझ्याकडे कीबोर्ड किती?"

"एक. समोर आहे तो."

"मशीनला दोन दिसतायत. एक वायरचा, एक बिनवायरचा. आणि भावा, तो दुसरा जिवंत आहे."

"जिवंत म्हणजे?"

"म्हणजे त्यावरून बटण दाबलं जातंय. तोच पाडतोय तुझा गेम. कुठे ठेवलायस?"

"पुरलाय," स्टॅनी म्हणाला.

"काय?"

"पप्पांबरोबर. कबरीत आहे तो."

सिद्धेश हसायला गेला आणि मध्येच थांबला. मग जपून म्हणाला, "असं नसतं रे. त्याची रेंज ती किती, एका घरापुरती. कबरस्तान तिकडे चर्चपाशी. तू एक काम कर, मागचा रिसीव्हर उपटून टाक. विषय संपला."

उपाय इतका सोपा होता. स्टॅनीने कॉम्प्युटरच्या पाठीमागे हात घातला. बोटाला तो नखाएवढा तुकडा लागला, कोमट. आणि त्याला तो उपटवेना. हा उपटला की गेम कधी पडणार नाही, हे खरं. पण पप्पा खरंच बोलावत असतील तर? एकदा त्यांची हाक बंद करून झालीय. तीच गोष्ट पुन्हा करायची?

तेवढ्यात गेम पडला. समोर बाग, बागेत ती पाठ.

"हे बघ, आत्ता! थांब, मी वर काढतो," सिद्धेश म्हणाला.

एका घरापुरती रेंज. स्टॅनीने पायाखालच्या फळ्यांकडे पाहिलं. त्या फळ्यांच्या खाली पप्पांची खोली होती. तो झटक्याने उठला. हेडफोन मानेत अडकून त्याची वायर उपटली गेली, आणि लढाईचा धडाधड आवाज स्पीकरमधून खोलीभर घुमायला लागला. ते तसंच टाकून तो जिना उतरला. पप्पांच्या खोलीचं दार नुसतं लोटलेलं होतं. ते ढकलताना तो लहान मुलासारखा म्हणाला, "पप्पा?"

पलंगावर आय बसली होती. मांडीवर कीबोर्ड.

स्टॅनी दाराला टेकला. हायसं वाटावं की रडू यावं, त्याला कळेना. "हा... हा तू पप्पांबरोबर ठेवला नव्हतास?"

"हा? हा कशाला?" आय म्हणाली. "त्यांच्याबरोबर कॉयरचं पुस्तक ठेवलं. तिकडे गायला नको?"

"मग हा इथे काय करतेस घेऊन?"

वरून गोळ्यांचे आवाज फळ्यांतून पाझरत होते. आय म्हणाली, "बस."

तो तिच्या शेजारी बसला.

"त्या दिवशी त्यांनी दाबलं होतं, स्टॅनी. दाबायचे आणि जिन्याकडे बघायचे. परत दाबायचे. मी म्हटलं, मी वर जाते, कशीही चढते, तर माझं मनगट सोडेनात. मी हाका मारल्या. तुझ्या कानांवर ते होतं. तुला हे सांगितलं नाही, कारण मला आधी खात्री करायची होती."

"कसली?"

"बटण बिघडलं होतं, की तू आला नाहीस."

ज्या प्रश्नाने दीड महिना त्याची झोप खाल्ली होती, त्याचं उत्तर इतक्या साध्या आवाजात आलं. स्टॅनीला वाटलं, जमिनीने आपल्याला पोटात घ्यावं.

आय बोलतच होती. "महिन्याची मिस्सा झाली आणि मी हा बाहेर काढला. अधूनमधून दाबून बघते. तू वर खेळत असलास की दाबते आणि वाट बघते. तू एकदाही आला नाहीस. म्हणजे बिघडलेलाच आहे." तिने त्याच्या पाठीवरून हात फिरवला. "मला किती बरं वाटलं म्हणून सांगू! पोटच्या पोरावर संशय घेतला मी. उद्या फादरांपुढे कबूल करून कुमसार करणार आहे. तेवढं पाप उतरवते."

ती खाली दाबत होती, तेव्हा स्टॅनी वर कॉम्प्युटरमध्ये भूत शोधत बसला होता. गेम पडला की खाली जायचं, हा त्याचा स्वतःचाच ठराव. आणि एवढ्या दिवसांत त्याला खाली जाऊन बघायचं सुचलं नव्हतं. गप्प राहिला असता तर सगळं मिटत होतं. आयचं समाधान झालं होतं, बटणाने दोष पत्करला होता.

"हे बघ ना," आय म्हणाली आणि मेणाच्या ठिपक्यावर बोट ठेवून तिने बटण दाबलं.

वरचा आवाज एकदम थांबला. सगळं घर चिडीचूप झालं. आणि त्या शांततेत फळ्यांतून सिद्धेश ओरडला, "स्टॅन्या! पडला बघ परत!"

आयचं बोट बटणावरच राहिलं. वर सिद्धेशने गेम पुन्हा वर काढला असावा, गोळ्या सुरू झाल्या. आयने छताकडे पाहिलं. मग अगदी सावकाश, दुखरी जागा चाचपावी तसं, तिने पुन्हा दाबलं. आवाज थांबला.

"चालतंय," ती म्हणाली.

"चालतंय, आय," स्टॅनी म्हणाला. "तेव्हाही चालत होतं. त्या दिवशी मीच ते बंद करून ठेवलं होतं. मॅच होती."

ती रडेल, बोलेल, मुस्काटात तरी मारेल असं त्याला वाटलं. मारलं असतं तर फार बरं झालं असतं. आय नखाने मेणाची कड चाचपत राहिली.

"मी त्यांना सांगितलं, बटण बिघडलंय, म्हणून येत नाही तो," ती म्हणाली. "ते ऐकल्यावर त्यांनी बोट उचललं. नुसती मान हलवली, हां, असं. आणि डोळे मिटले."

स्टॅनीला हुंदका आवरेना. तो तोंडावर हात दाबून रडला, दीड महिन्याचं रडला.

"त्यांना खरं वाटलं," आय म्हणाली. "देवाची कृपा, त्यांना खरं वाटलं."

चर्चची संध्याकाळची घंटा वाजली. आयने क्रूसाची खूण केली, ओठांतल्या ओठांत प्रार्थना पुटपुटली, आणि ती संपेपर्यंत त्याच्याकडे बघितलं नाही. मग गुडघ्यावर हात रेटून ती उठायला लागली, आणि त्याने पुढे केलेला हात तिने धरला.

"मला जिना चढवत नाही, स्टॅनी," ती म्हणाली. "यापुढे मी दाबलं की येत जा."

"हो आय."

वरून सिद्धेश विचारत होता, रिसीव्हर उपटला का, काही सापडलं का. आयने पप्पांची उशी सारखी केली आणि कीबोर्ड उशाशी ठेवला, मेणाचा ठिपका हाताशी येईल असा.