मैनाच्या चटणीचा पाटा

मित्रांनो, काळ्या दगडाचा जुना पाटा तो मी. सध्या उलव्यात, सातव्या मजल्याच्या बाल्कनीत, एसीखाली पडून असतो. फार थकलोय. दगडही थकतो, हे तुम्हाला कुणी सांगितलं नसेल.

मला घडवणारा पाथरवट आठवत नाही. आठवतं ते खाडीकाठचं गाव, जे आता विमानतळाच्या जमिनीत गेलं. त्या गावात भामा लग्न होऊन आली आणि मी तिच्या हाताखाली आलो. खोबरं, लसूण, मिरची, सुकट, रोज काही ना काही माझ्या अंगावर रगडलं जाई. पाहुणे वाटणाचं कौतुक करत. कौतुक भामाचं असे, पण मीही सुखावत असे.

एका वर्षी घाटावरून मैना आली, मिठागरात कामाला. तिच्याजवळ पाटा नव्हता, म्हणून ती भामाच्या ओटीवर वाटायला येई. एकदा तिने गावाकडून आणलेल्या कारळ्याच्या काळ्या बियांत भामाची भाजलेली सुकट घातली, लसूण-मिरची टाकली आणि वरवंटा फिरवला. काळीभोर चटणी झाली. भामाने बोटाने चाखली आणि दोघी हसत सुटल्या. चार हंगाम मैना आली. पाचव्याला आली नाही. चटणी मात्र घरोघर पोचली आणि गावाची म्हणूनच ओळखली जाऊ लागली.

मग गाव उठलं. आम्ही टेम्पोतून या इमारतीत आलो. पहिल्याच आठवड्यात खालच्या मजल्यावरून तक्रार आली, "वर काय आपटता हो सारखं?" मिक्सर आला आणि मी बाल्कनीत गेलो. कुंड्यांचं पाणी अंगावरून वाहायचं. कुणी विचारत नसे.

गेल्या वर्षी प्रांजल आली. ती पनवेलच्या कॉलेजात इतिहास शिकवते. गाव सुटलेली माणसं नव्या घरात काय रांधतात, यावर ती पुस्तक लिहीत होती. तीन वर्षं कळंबोली, कोन, उलवे पालथं घालून तिचेही डोळे ओढलेले होते. तिने मला पुसलं. भामाने चटणी वाटून दाखवली.

"आजी, ही सासूबाईंनी शिकवली?"

"नाय गं बाय. मैनानं. घाटावरची व्हती, मिठागरात कामाला."

भामाचा मुलगा प्रणित दारात उभा होता. गावकऱ्यांच्या मंडळाचा तो अध्यक्ष.

"मॅडम, ते नाव नका टाकू," तो म्हणाला. "जमीन गेली, खाडी गेली. आमची म्हणून सांगायला ही चटणीच उरली हाय. तीबी दुसऱ्याची केलीत, तर आमी कोण?"

"पण आजी सांगतायत, दादा."

"मग गावातलं दुसरं कुठलं घर तुमाला उघडणार नाय."

तिच्या यादीतली त्या गावची अजून अकरा घरं बाकी होती. प्रांजलने वही मिटली, पुन्हा उघडली. शेवटी म्हणाली, "आजी, तुम्ही सांगाल तसं लिहीन."

भामाने वरवंटा सोडला नव्हता. "मैनाचं नाव खोडायचं असंल, तर माझंबी खोड. दोघींनी वाटलीय ती."

"आय, तुला कळत नाय."

"मना एवढंच कळतं."

पुस्तक निघालं. त्या अकरा घरांविना, बारीकसं. मैनाचं नाव भामाच्या नावाशेजारी छापलेलं होतं. प्रकाशनाला मंडळातलं कुणी गेलं नाही. प्रणितने ते पुस्तक फ्रीजवर पालथं टाकलं आणि दीड महिना आईशी धड बोलला नाही.

एका रविवारी भामा पुन्हा माझ्यावर चटणी वाटायला बसली आणि तिचं मनगट लुळं पडलं. वरवंटा घरंगळला. प्रणित आला, आईला बाजूला बसवलं आणि स्वतः वाटू लागला. चटणी जाडीभरडीच राहिली.

खाली बघतच त्याने विचारलं, "मैना अशीच वाटायची?"

"नाय," भामा म्हणाली. "तुझ्यापेक्षा बरी."

तो हसला नाही, पण उठलाही नाही.

मित्रांनो, माझ्यासारख्या दगडाला जपा असा आग्रह मी धरणार नाही. मी जड आहे आणि घरं लहान आहेत. फक्त आवडीचा घास खाताना एकदा विचारा, हे आपल्याला कुणी शिकवलं? येईल ते नाव आपल्या माणसाचं असो, नसो, ते खोडू नका.