शेवटचे दारहरवे

कुलूपवाल्याने शेवटी आडनाव बदललं नाही. उलट त्या दिवशी संध्याकाळ व्हायच्या आत त्या आडनावाचा एक माणूस वाढला आणि सरकारी कार्यालयाचा एक दरवाजा कमी झाला.

पण हे घडलंच नाही असं समजू. अजून सकाळ आहे. दरवाजा जागच्या जागी आहे. आणि कुलूपवाला नावनोंदणी कार्यालयाच्या बाकावर इस्त्रीच्या शर्टात, मांडीवर अर्ज धरून, दाढ काढायला आल्यासारखा बसला आहे.

"बाबा, अजून विचार करा," शेजारी बसलेली मुलगी म्हणाली. ती दातांच्या दवाखान्यात मदतनीस होती, त्यामुळे असले चेहरे तिच्या रोजच्या बघण्यातले होते.

"विचार माझ्या आजोबांनी करायला हवा होता. त्यांनी केला नाही, माझ्या वडिलांनी केला नाही. आता सगळा तुंबून माझ्या वाट्याला आलाय."

आडनाव होतं दारहरवे. खूप पिढ्यांमागे एका गावाच्या मोठ्या दरवाजावर त्यांचा मूळपुरुष पहारेकरी होता. एका सकाळी गाव उठून बघतं तर पहारेकरी जागेवर होता, दरवाजा नव्हता. आजवर धान्य चोरीला गेलं होतं, गुरं गेली होती. पण चोर आत येऊ नये म्हणून लावलेलं दारच नाहीसं होण्याची ही पहिली वेळ. गावाने त्याला दारहरवे म्हणायला सुरुवात केली. त्याच्या मुलाला ते चिकटलं, नातवाला वारशात मिळालं, आणि पुढे कुणीतरी गंभीर चेहऱ्याने ते कागदावर चढवलं.

अशा घराण्यातला माणूस पोटापाण्यासाठी कुलपं दुरुस्त करू लागला, यात त्याची काही चूक नव्हती. हाताला तेच जमत होतं. सुरुवातीला त्याने दुकानावर आडनावाची पाटी लावली. लोक पाटी वाचत, हसत, आणि किल्ल्या मुठीत घट्ट धरून पुढच्या दुकानात जात. मग पाटी बदलून नुसतं 'खात्रीचे कुलूपवाले' केलं. लग्नाच्या वयात तो मुली बघायला गेला, की मुलीचे वडील त्याला दारापर्यंत सोडायला येत आणि तो वळल्यावर दाराला एकदा हात लावून बघत. एकच मुलगी म्हणाली होती, "दार गेलं तर गेलं, माणूस तर घरात राहिला ना?" तिच्याशी त्याने लग्न केलं. ती आता नव्हती. तिच्यामागे असं काही बोलून वेळ मारून नेणारं घरात कुणी उरलं नव्हतं.

थोरल्या भावाने केव्हाच आडनाव बदलून 'गडाचा मालक' अशा अर्थाचं भारदस्त आडनाव घेतलं होतं. तेव्हापासून तो भाड्याच्या दोन खोल्यांत ताठ मानेने राहत होता. तेव्हा दारहरवे म्हणायला आता हा एक कुलूपवाला आणि त्याची मुलगी. आणि मुलीचं लग्न ठरलं त्या दिवशी ती म्हणाली, "मी आडनाव बदलणार नाही हं. आहे तेच ठेवणार."

कुलूपवाल्याने हिशेब मांडला. पोरगी बदलणार नाही म्हणते, म्हणजे आता मुळातच दुरुस्ती करायला हवी.

"तुझ्यामागे ही पीडा नको," तो आताही म्हणाला. "दवाखान्यात हसतात ना तुला?"

"कुणी हसत नाही. 'ताई, दार लावून घ्या' म्हणतात."

"बघ!"

"बाबा, ते सगळ्यांनाच म्हणतात. दवाखान्यात एसी आहे."

तेवढ्यात होणारा जावई आला. तो लिफ्टचा मेकॅनिक होता. दोन कामांच्या मधल्या वेळात तो तसाच ग्रीसच्या हातांनी पळत आला होता.

"काका, झालं का?"

"व्हायचंय. बसा, जावईबापू. सासऱ्याचं शेवटचं दर्शन घ्या."

जावयाच्या आडनावात हसण्यासारखं काही नव्हतं आणि सांगण्यासारखंही काही नव्हतं. तो अनाथाश्रमात वाढला होता. ज्या पहाटे तो पायरीवर सापडला, त्या पहाटे तिथे सगळ्यात आधी दूधवाला पोचला होता. म्हणून त्याचंच आडनाव लावून टाकलं. दूधवाल्याने पुढच्या महिन्यात दूध घालणं बंद केलं. आडनाव राहिलं.

व्हरांड्यात आज मोठी गडबड होती. मोडक्या खुर्च्या आणि गंजकी कपाटं भंगारात काढली होती. हमाल भिंतीशी रचलेला ढीग उचलून बाहेरच्या ट्रकमध्ये टाकत होते. त्या आवाजाने वैतागून साहेबांनी आपल्या केबिनचा दरवाजा आतून धाडकन लावून घेतला होता.

"दारहरवे!" शिपाईण मावशींनी पुकारा केला.

हॉल हसला. कुलूपवाल्याने सवयीप्रमाणे शर्टाच्या बटणाकडे बघितलं आणि तो उठला. मावशींनी केबिनचा दरवाजा ओढला. दरवाजा हलला नाही. आतून किल्ली फिरवल्याचा आवाज आला, मग कट्‌ असा आवाज आला, आणि मग साहेबांचा आवाज आला.

"मावशी, किल्ली तुटली."

"अर्धी बाहेर असेल ना, साहेब?"

"अर्धी माझ्या हातात आहे. अर्धी कुलपात." मग जरा बारीक आवाजात, "मावशी, मला बंद खोलीचा त्रास होतो."

"खिडकी उघडा की."

"खिडकीपुढे कपाट आहे."

मावशी हॉलकडे वळल्या. "इथे कुणी कुलूपवाला आहे का हो?"

कुलूपवाल्याने बुटांकडे बघितलं. आज तो हत्यारांची पिशवी मुद्दाम घरी ठेवून आला होता. नव्या आडनावाच्या माणसाने खांद्यावर पिशवी घेऊन जाणं बरं दिसलं नसतं. मुलगी त्याच्याकडे बघत होती. तिच्या आईचीही हीच पद्धत होती.

"आहे," तो म्हणाला.

त्याने मुलीच्या केसांतली पिन घेतली, गुडघ्यावर बसला, कुलपात डोळा घातला. पिन घातली, फिरवली, वाकवली, सरळ केली. पिन मोडली. दुसरी घेतली, तीही मोडली. कानामागून घाम ओघळला. सगळा हॉल मागे गोळा झाला होता. आतून साहेब मोठमोठ्याने श्वास घेत होते आणि मधूनच "मी ठीक आहे" म्हणत होते. त्या म्हणण्यावरून ते ठीक नाहीत हे सगळ्यांना कळत होतं.

"हे कुलूप उघडत नाही," कुलूपवाला म्हणाला. आयुष्यात हे वाक्य त्याच्या तोंडून पहिल्यांदाच निघालं होतं.

"वाटलंच," मागून कुणीतरी म्हणालं. "दारहरवेच ते."

जावई शेजारी येऊन बसला. "काका, लिफ्टमध्ये माणूस अडकला की मी कुलपाच्या नादी लागत नाही. दार कशावर उभं आहे ते बघतो."

दोघांनी एकदमच दुसऱ्या बाजूला बघितलं. दरवाजा बाहेर उघडणारा होता. बिजागऱ्या बाहेर होत्या, जुन्या, जाडजूड, आणि त्यांच्या खिळी वरून टोपी घालून बसल्या होत्या.

"मावशी, दाभण आहे का? फायली ओवायचं?"

दाभण आलं.

"आणि ठोकायला काहीतरी जड."

मावशींनी टेबलावरचा सगळ्यात जड शिक्का आणून दिला. कार्यालयात तोच सगळ्यात जास्त वापरला जाई. त्यावर 'नामंजूर' असं होतं.

कुलूपवाल्याने खालून खिळीला दाभण लावलं आणि शिक्क्याने ठोकायला सुरुवात केली. जावयाने ग्रीसचं एक बोट खिळीवर फिरवलं. नामंजूर, नामंजूर, नामंजूर, आणि पहिली खीळ टुणकन उडाली. दुसरी अडून बसली. कुलूपवाला तिच्याशी बोलू लागला. तो कामात असला की बोलायचा. "ये गं बाई. किती वर्षं लटकलीस. सोड आता."

तिने सोडलं.

दोघांनी दरवाजा उचलला, कुलपासकट, चौकटीतून काढला आणि व्हरांड्याच्या भिंतीला टेकवला. आत साहेब पाण्याची सुरई छातीशी धरून उभे होते. शर्टाची सगळी बटणं उघडी होती. ते बाहेर आले आणि समोर उभ्या पहिल्या माणसाला मिठी मारली. तो दाखला न्यायला आलेला एक नवरदेव होता. त्यानेही मनापासून मिठी मारली. हॉलने टाळ्या वाजवल्या. मावशींनी साहेबांना चहा पाजला. मुलीने त्यांची नाडी बघितली, जरी तिचा संबंध फक्त दातांशी असला तरी.

चहा संपेपर्यंत साहेबांनी बटणं लावली. शेवटचं बटण लागताच ते पुन्हा साहेब झाले.

"चला. दरवाजा बसवून टाका."

सगळ्यांनी भिंतीकडे बघितलं. भिंतीशी रचलेला ढीग नव्हता. दरवाजाही नव्हता.

खिडकीतून ट्रक फाटकाबाहेर वळताना दिसला. सगळ्यात वर दरवाजा आडवा पडला होता, आणि त्यावरची साहेबांच्या हुद्द्याची पितळी पाटी उन्हात चमकत चमकत निघून गेली.

"कोणी काढला होता दरवाजा?" साहेबांचा आवाज चढला. "पुढे या! नाव सांगा!"

कुलूपवाल्याच्या खिशात अर्ज होता आणि अर्जात नवं, भक्कम, स्वप्नातही कुणाला हसू न येणारं आडनाव तयार होतं. जन्मभर त्याने स्वतःचं आडनाव शर्टाच्या बटणाला सांगितलं होतं. आता त्याने मान वर केली.

"दारहरवे!" तो म्हणाला. व्हरांड्याच्या टोकापर्यंत ऐकू गेलं.

सगळ्यात आधी तो स्वतः हसला, आणि मग सगळा हॉल असा हसला की मोकळ्या चौकटीची वरची धूळ खाली पडली. साहेबांनी तोंड आवळून बघितलं, पण जमलं नाही.

"खरंच दारहरवे?"

"खानदानी, साहेब. आमच्याकडे पिढ्यान्‌पिढ्या हेच काम चालतं."

हसणं ओसरल्यावर मुलगी त्याच्याजवळ आली. "बाबा, त्या रात्री आत कोण अडकलं होतं?"

"कुठे?"

"गावात. दार कुठे गेलं एवढंच सगळे विचारत बसले. त्यातून बाहेर कोण पडलं, हे कुणी विचारलं का?"

कुलूपवाला बाकावर बसला. बराच वेळ त्याने शर्टाच्या बटणाकडे बघितलं नाही. मग अर्ज खिशातून काढला, त्याची चौपदरी घडी केली आणि साहेबांच्या डुगडुगणाऱ्या टेबलाच्या पायाखाली सारली. टेबल डुगडुगायचं थांबलं.

"माझं काम झालं, साहेब."

"माझं राहिलंय," जावई म्हणाला. "मला एक कोरा अर्ज द्या."

"तुम्हाला काय बदलायचंय?"

"आडनाव. दारहरवे करायचंय."

साहेबांनी चष्मा काढून पुसला. "अहो, या आडनावातून बाहेर पडायला माणसं येतात. आत यायला पहिलाच बघतोय. कारण काय लिहू?"

"माझं आडनाव एका दूधवाल्याचं आहे, साहेब. ते त्याचं त्याला परत. आणि दरवाजा काढायला दोघं होतो. नाव एकट्याला लावलं तर अन्याय होईल."

"जावईबापू," कुलूपवाला म्हणाला आणि त्याने जावयाच्या पाठीवर थाप मारली, जरा जास्तच जोरात.

"बाबा, हळू," मुलगी म्हणाली. "लग्न व्हायचंय अजून."

साहेबांनी मोकळ्या चौकटीपलीकडे उभ्या अख्ख्या हॉलच्या देखत सही केली. 'नामंजूर'चा शिक्का ठोकून ठोकून चेपला होता, त्यामुळे त्या दिवशी त्या कार्यालयात कुणाचंच काही नामंजूर करता आलं नाही. ज्यांचे अर्ज वर्षानुवर्षं पडून होते ते लोक रडत, हसत घरी गेले.

जावयाच्या अर्जाच्या तळाशी 'इतर विनंती' असा एक रकाना होता. तो कधी कुणी भरत नसे. कुलूपवाल्याने जावयाकडून पेन मागून घेतलं आणि आपल्या नीटस अक्षरात लिहिलं:

"सदर मंजुरीची एक प्रत आमचे मूळपुरुष, पहारेकरी, राहणार गावचा मोठा दरवाजा (सध्या जागेवर नाही), यांस समक्ष पोच करून त्यांची सही घ्यावी, त्या रात्री आतून कोण कोण सुखरूप बाहेर पडले याची चौकशी करून तसे गावास लेखी कळवावे, आणि घराण्यात एक माणूस वाढल्याचे त्यांच्या कानावर घालावे, ही नम्र विनंती."