दाराकडं तोंड केलेल्या खडावा

क्योतोच्या स्टुडिओत सकाळपासून एकच शॉट चालला होता. नवऱ्याचं घर कायमचं सोडणारी बायको दाराशी येते आणि त्याच्या खडावांकडं न बघता बाहेर पडते. एवढंच. पण नटी मित्सुयो दाराशी आली की तिचे गुडघे आपोआप टेकत आणि हात खडावा फिरवून त्यांची तोंडं दाराकडं करत. नवऱ्याला बाहेर पडताना सोपं जावं म्हणून घरोघरी बायका करतात तसं.

"कट! बाई, घर सोडताय की आवरताय?" दिग्दर्शक कुरेहारा ओरडला. ही अकरावी वेळ होती.

"हात ऐकतच नाहीत हो!" मित्सुयो रडकुंडीला आली. आज जमलं नाही, तर ऑफिसवाले बायको परत येते असा शेवट घेणार होते.

सेटवरचं सामान मांडणारा म्हातारा उशिमात्सु कोपऱ्यात उभा होता. त्याची बायको किनु यंदा वसंतात वारली. फार वर्षांपूर्वी ती एकदा भांडून माहेरी निघाली होती. जाताना तिनं त्याच्या खडावा फिरवून ठेवल्या होत्या. ते बघून त्याला वाटलं, राग काही खरा नाही. तो आणायला गेलाच नाही. चौथ्या दिवशी ती आपणहून आली आणि भात टाकला. त्यानं काही विचारलं नाही.

जेवणाच्या सुट्टीत उशिमात्सुनं कुणाच्या नकळत खडावा, तोंडं आत करून, दारातल्या फळीला खिळ्यांनी ठोकल्या.

बाराव्या वेळी मित्सुयो वाकली. खडावा हलेनात. तिनं ओढल्या, पुन्हा ओढल्या. मग तिचा चेहरा लाल झाला. खडावांवर एक चापट मारून ती उठली आणि निघून गेली.

"कट! झालं! आता खरी निघाली!" कुरेहारा ओरडला.

संध्याकाळी ऑफिसातल्या मॅनेजरनं तो शॉट पाहिला. "छान! जातानासुद्धा नवऱ्याच्या खडावांत जीव अडकलाय. ती परत येते तेवढं उद्या घ्या."

"अहो, ती चिडलीय!" मित्सुयो म्हणाली.

"चिडेल, येईल."

"साहेब, माझी आली होती," दारातून उशिमात्सु म्हणाला. "का गेली होती, ते मला अजून कळलं नाही."

"आली ना? मग झालं तर!" मॅनेजर हसला.

उद्याच्या शॉटला खडावा मोकळ्या हव्या होत्या. उशिमात्सु पकड घेऊन बसला. एकही खिळा निघेना.

"राहू द्या, काका," मागून मित्सुयो म्हणाली. "उद्या मी येणार नाही."

"मग दुसरी कुणी आणतील, बाई."

"आणू देत. तिलाही ओढून बघू दे."