पावडर लावताना मिटलेले डोळे

मित्रांनो, मी नाशिकच्या एका छोट्या वृत्तवाहिनीतला पावडरचा जुना पफ आहे. जन्मलो पांढरा, आता गव्हाळ झालो आहे. मेकअप करणाऱ्या लताबाईंनी मला मेन रोडवरून आणलं.

आमच्याकडे पुढाऱ्यांच्या तास-दीड तासाच्या मुलाखती होतात. बालपणाविषयी विचारा, कपाळ कोरडं. रस्त्याविषयी विचारा, की लगेच, "जरा पावडर लावता का?" कॅमेरा थांबायचा आणि तेवढ्यात साहेबांचा माणूस उत्तर सुचवून जायचा. सगळे माझं कौतुक करायचे ते यापायीच.

एका मे महिन्यात आमदार मल्हारीअण्णा आले. मुलाखत घेणाऱ्या उज्ज्वलाताई इगतपुरीकडच्या. त्यांच्या आत्या झुंबरबाईंनी फोनवर टोमणा मारला होता, "तास-तास गप्पा मारती त्यांच्याशी. धरण उशाला हाय अन् आमच्या हंड्यात टँकरचं पाणी. हे कधी इचारशील?" ताईंना तेवढं एक उत्तर हवं होतं.

त्यांनी विचारलं. अण्णांनी पावडर मागितली. त्यांचा सहायक दत्तू कानाशी कुजबुजला आणि उत्तर आलं ते पावसाच्या लहरीपणावर. ताईंनी पुन्हा विचारलं. पुन्हा पावडर.

या वेळी ताई म्हणाल्या, "संतोष, कॅमेरा चालू राहू दे. लताबाई, लावा पावडर. अण्णा, तुम्ही बोला."

अण्णांनी हे ऐकलंही असेल. पण पफ आला म्हणजे कॅमेरा बंद, ही इतक्या वर्षांची सवय. लताबाईंनी मला त्यांच्या पापण्यांवर टेकवलं. डोळे मिटले, तशा दत्तूच्या खुणाही दिसेनाशा झाल्या.

"अहो, पाइपलाइन मंजूर होती," अण्णा निवांत म्हणाले. "मीच थांबवली. त्या गावांत आपल्याला मतं पडतात किती?"

दत्तू धावला. "ताई, एवढं कापा. पावडर लावताना कोण दाखवतं का?"

"आम्ही दाखवतो," ताई म्हणाल्या. रविवारी सगळं दाखवलं, माझ्यासकट.

तेव्हापासून पुढारी घरूनच तोंड रंगवून येतात. मी खणात पडून असतो. कडा उसवल्या आहेत. झुंबरबाईंच्या गावात पाइप येऊन पडलेत, पाणी मात्र अजून टँकरचंच.

मित्रांनो, पफ धुऊन उन्हात वाळवला तर पुष्कळ टिकतो, तेवढं करत जा. आणि तुमच्या ओट्यावर मत मागायला आलेला माणूस बोलता बोलता घाम पुसू लागला, तर त्याला पाणी द्या, पंखा लावा. प्रश्न मात्र मागे घेऊ नका.