नऊ दिवसांचं ऊन

प्रश्नचिन्ह एवढंसंच होतं, पेन्सिलीचं, जिऱ्यासारखं वाकडं... पण जुन्या नोंदवहीच्या त्या पानावर ते जिथे बसलं होतं ती जागा पाहून निरीक्षकांनी चहाचा कप खाली ठेवला. सतरा तारखेपासून पंचवीसपर्यंत नऊ ओळी. अक्षर त्यांचंच, गोल, टपोरं. सदतीस वर्षं रोज सकाळी हवामानकेंद्राच्या लाकडी पेटीचं दार उघडून त्यांनी तापमान लिहिलं — तेरा हजारांवर नोंदी — आणि लेकीच्या पेन्सिलीला सापडाव्यात त्या ह्याच नऊ!

लेकीचं काम जुन्या नोंदी तपासण्याचं. बापाच्या केंद्राचे तपासलेले आकडे तिला आज संध्याकाळी पुढे पाठवायचे होते. आत्ता ती आंघोळीला गेली होती, म्हणजे दहा मिनिटं हातात होती, आणि खोडरबर टेबलावरच पडलं होतं...

पण खोडून काय खोडणार? थापा मारण्यात ह्या गृहस्थांचा हात धरणारा कुणी नव्हता. वावटळीने सकाळी पेटी उचलून नेली आणि संध्याकाळी दार लावून जागेवर परत आणून ठेवली, असं त्यांनी एकदा वरिष्ठांना सांगितलं होतं. वरिष्ठांनी कागदावर शेरा मारला : ‘वरचं तापमान का नोंदवलं नाही?’ तर थापा वेगळ्या आणि वही वेगळी, हे तत्त्व त्यांनी जन्मभर पाळलं, एक वेळ सोडून. आणि त्या एका वेळेपायी जगातल्या यच्चयावत शास्त्रज्ञांवरचा त्यांचा विश्वास उडाला होता. पृथ्वी माणसामुळे तापते आहे यावर सगळ्यांचं एकमत आहे असं कुणी म्हटलं की हे हसून म्हणायचे, “आमचंही असायचं की वर्गात एकमत! एकाचीच वही फिरायची.” हे झालं बाहेर. आत मात्र... मी बसल्या जागी नऊ दिवस रचले, कुणाच्या बापाला कळलं नाही. मग ह्यांनी शंभर वर्षं रचली नसतील कशावरून?

“बाबा,” केस पुसत लेक समोर येऊन बसली, “हे नऊ दिवस तुमचे नाहीत ना?”

“अक्षर बघ की. माझंच आहे.”

“अक्षर तुमचं. थंडी-ऊन कुणाचं?”

खोडरबर अजून हाताच्या अंतरावर होतं. ते त्याच्याकडे पाहत म्हणाले, “तुझ्या आईला टायफॉइड झाला होता. लग्न ठरलं नव्हतं आमचं. हॉस्पिटलच्या व्हरांड्यात बसून होतो मी. परत आल्यावर भरले... अंदाजाने.”

“बसून कसले, घोरत होते!” स्वयंपाकघरातून बायको म्हणाली. “नर्सबाई पेशंट समजून ह्यांच्याच तोंडात थर्मामीटर घालून गेली.”

“अगं, तू गप्प बस जरा.”

लेक हसली नाही. लॅपटॉप फिरवून तिने रेघा दाखवल्या. “शेजारच्या चारही केंद्रांवर त्या आठवड्यात पाणी गोठलं होतं. तुमच्याकडे मात्र कोवळं ऊन.”

“माझं वय काय होतं तेव्हा!”

आता मात्र ती हसली. ते नाही हसले. “म्हणजे सगळं केंद्र बाद?” विचारताना आवाज नको तिथे चिरकला.

“नऊ दिवस बाद. बाकी सगळं टिकलंय. पलीकडच्या देशातल्या एका बाईने आकडे ताडून पकडलं तुम्हाला, मी फक्त वहीत खूण केली. तिला आपलं गाव नकाशावरसुद्धा सापडायचं नाही. आणि तुमचं अख्खं केंद्र काढलं ना बाबा, तरी पृथ्वीच्या तापमानाची रेघ चढतेच. काढून बघितलंय आम्ही.”

“मग तापवतोय तो सूर्यच असेल, तर—”

“सूर्याने तापवलं असतं तर अगदी वरची हवाही तापली असती. ती गार होतेय. ऊब खाली कोंडतेय. आपण जाळलेल्या कोळशाचं, तेलाचं पांघरूण आहे ते. हे खोटं पाडायला किती जण बसलेत माहितीय? कुणालाच जमत नाहीये.”

खोटं पाडायला बसलेत... एकमत म्हणजे माना डोलावणं असंच ते धरून चालले होते. पण हे तर एकमेकांच्या थापा पकडणाऱ्यांचं एकमत. झोडून, पाखडून सुपात उरलं तेवढंच. आणि त्या उरलेल्यात माझे तेरा हजार दिवस! शिवाय आपलीच करणी असेल तर... सूर्याशी बोलायची सोय नाही. माणसाचं काय, माणसाला पटवता येतं; त्यांनी सासऱ्यालासुद्धा पटवलं होतं.

“इथे एक ओळ लिहा,” लेक म्हणाली, “आणि खाली सही.”

‘या नऊ दिवसांत निरीक्षक जागेवर नव्हता’, इथपर्यंत पेन सरळ चाललं. मग अडलं. जागेवर नव्हता तर कुठे होता? व्हरांड्यातल्या बाकावर, उन्हात... उन्हात? इतकी वर्षं ते ऊन त्यांना लख्ख आठवत आलं होतं. आणि आता, पेन उघडं धरून बसल्या बसल्या, बोटं आखडू लागली, कोटाची कॉलर कानांपर्यंत आली, व्हरांड्याच्या टोकाचा नळ गोठून मुका झाला... समोर तिच्या आजारपणाच्या खोलीच्या खिडकीच्या काचेवर आतून धरलेली वाफ — आणि ती पुसत हळूहळू फिरणारा तिचा हात. हा हात कुठे होता इतके दिवस? त्यांच्याच उन्हाने पुसून टाकला होता. चार गावांतली चार अनोळखी माणसं त्या सकाळी कुडकुडत आपापल्या पेटीपाशी गेली, दिसलं तेच लिहून मोकळी झाली, म्हणून तो आज परत हलत होता...

“बाबा, सही.”

“थांब गं,” ते म्हणाले. हुडहुडी भरत होती, भरू देत होते. आणि त्या थंडीत, कोण जाणे कसं, त्यांना मुळीच एकटं वाटत नव्हतं.