वरचं नाव

किळस म्हणजे काय, हे मला बन्सीधर सरांच्या पानाच्या डब्यानं शिकवलं. माझं सहा वर्षांचं काम त्यांनी त्या डब्याखाली दाबून ठेवलं होतं. पहिल्या पानावर चुन्याचं बोट उमटलेलं.

"पंडित, तुमच्या एकट्याच्या नावानं हे कोण छापील? माझं नाव वर टाका, तुमचं खाली राहू द्या की."

ते परभणीच्या आमच्या कॉलेजात भौतिकशास्त्राचे प्रमुख. मी तिथला कच्चा लेक्चरर, छप्पन साली दीक्षा घेतलेल्या घरातला. मला कायम करायचं की नाही, हे त्यांच्या हाती. मोजण्याआधी इलेक्ट्रॉनला ठरलेला गुण असतो का? नसतो, असं मी गणितानं सिद्ध केलं होतं. सरांना त्यातली एकही ओळ उमगली नव्हती. मी मान डोलावली. त्या मान डोलावण्याचीही मला शिसारी आली.

टाइपरायटरवर ग्रीक अक्षरं नसतात. टाइपिस्ट तेवढ्या जागा मोकळ्या सोडतो, मग त्या आपण शाईनं भरायच्या. शनिवारी पूर्णेला घरी जाताना स्टेशनच्या बाकावर बसून मी त्या भरत होतो. डाकगाडी यायची होती. एकेक चिन्ह हातानं लिहावं लागलं म्हणूनच नवव्या पानावर हात थांबला. जी दोन मापं एका वेळी घेताच येत नाहीत, त्यांच्या बेरजेची सरासरी म्हणजे त्यांच्या सरासऱ्यांची बेरीज, असं मी खुशाल गृहीत धरलं होतं. सिद्धतेचा पायाच पोकळ.

परत न्यायला हवं होतं. पण वरचं नाव पाहिलं आणि म्हटलं, जाऊ दे, त्यांचीच फजिती होईल. राहिलेली चिन्हं भरली, पाकीट चिकटवलं आणि टपालात टाकलं.

चार महिन्यांनी नियतकालिकाचा नकार आला, नेमकं नवव्या पानावर बोट ठेवून. सरांनी तो स्टाफरूममध्ये सगळ्यांसमोर वाचला. मी मनात हसायच्या तयारीत.

"चूक माझी हाय," ते म्हणाले. "पहिलं नाव माझं हाय. पंडित नवखे हायेत, त्यांना कुणी बोल लावायचा न्हाई."

टाळ्या पडल्या. प्राचार्य गहिवरले. कुणीतरी चहा सांगितला. सरांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला, बोटांना चुना तसाच.

सहा वर्षांतलं माझं म्हणावं असं त्या कागदांत एकच उरलं होतं, ती चूक. तीही मी त्यांच्या नावावर करून दिली, आणि वर म्हणालो, "सर, लय उपकार झाले."