पटावर हजर

आठवीच्या वर्गात दुसरा तास चालू होता. पटपडताळणीला आलेल्या बाई बाकांवरून नजर फिरवत डोकी मोजत होत्या. शिक्षण खात्याच्या आकडेवारी शाखेत त्यांची अकरा वर्षं गेली होती. कुठे किती मुली शिकतात, किती हजर असतात, हे सारं त्यांच्याच टेबलावरून पुढे जाई. ही शाळा त्यांनी मुद्दाम मागून घेतली होती. वर्गशिक्षक त्यांचा सख्खा थोरला भाऊ होता आणि त्याची मुलगी याच वर्गात होती. भाचीची अठ्ठ्याण्णव टक्के हजेरी बाईंनी ऑफिसात कौतुकाने सगळ्यांना दाखवली होती.

पटावर सोळा मुली, सोळाही हजर. बाकांवर पंधराच. बाईंनी पुन्हा मोजलं.

"दादा, पोरगी कुठाय?"

"कणकण आहे अंगात," भाऊ फळा पुसत म्हणाला.

"मग आजची हजेरी?"

"हाताच्या सवयीने लागली गं."

पुढच्या बाकावरून एक मुलगी पटकन बोलून गेली, "बाई, तिचं तर चार महिन्यांपूर्वीच लग्न झालं!"

बाई भावाला घेऊन बाहेर व्हरांड्यात आल्या.

"फोन केला की सांगायचास, क्लासला गेलीय."

"स्थळ चालून आलं. तुला कळवलं असतं तर तू आकाशपाताळ एक केलं असतंस."

"चौदा वर्षांची आहे रे ती!"

"हळू बोल. नाव गळलं असतं तर चौकशी आली असती, म्हणून हजेरी लावत राहिलो."

"चौकशीला मीच आले असते, दादा."

"तेच तर नको होतं."

लहानपणी वडिलांनी बाईंची शाळा बंद केली, तेव्हा याच भावाने दोन दिवस अन्नाला शिवायचं नाकारलं होतं. आता तोच पेन पुढे करत होता.

"तुला शिकवलं कुणी, ते आठव. एवढी सही कर आणि विषय संपव."

बाईंना त्याच्याकडे बघवेना. त्याचं पेन न घेता त्यांनी स्वतःच्या पेनाने पडताळणीच्या तक्त्यात लिहिलं: गैरहजर, चार महिने. कारण: बालविवाह. खाली वर्गशिक्षकाचं नावही लिहिलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी बालविवाह प्रतिबंध अधिकाऱ्यांसोबत बाई मुलीच्या सासरी पोहोचल्या. मागच्या दारी ती कपड्यांच्या ढिगापुढे बसली होती. हाताला साबणाने चिरा पडल्या होत्या.

"आत्या! शाळेने पाठवलं तुला?" ती धडपडत उठली. "मी रोज वाट बघायचे गं. कुणी आठवडाभर आलं नाही की बाबा स्वतः त्याच्या घरी जातात. मला वाटलं, बाबांना नाही जमलं तरी दुसरं कुणी येईल. माझ्याच वेळी कुणी कसं नाही आलं?"

"तू पटावर हजर होतीस, बाळा. रोज."

"हजर? कोण लावायचं माझी हजेरी?"

बाईंना खोटं बोलता आलं असतं. पण तिच्या बाबतीत खोटं आधीच पुरेसं झालं होतं.

"तुझे बाबा."

ओले हात फ्रॉकला पुसून मुलगी अधिकाऱ्यांसमोर जाऊन उभी राहिली.

"मला इथून न्या," ती म्हणाली. "आणि घरी विचारलं तर सांगा, बाबांकडेही मी जाणार नाही. आत्याकडे राहीन. शाळा तिथली चालेल."